फुंकर मारा, वेळ मारून न्या!

टाइम मशीन म्हटलं की काय येतं डोळ्यांसमोर? धूर, लुकलुकणारे दिवे आणि केस विस्कटलेला एखादा सायंटिस्ट? सोडा हो! गेमिंगच्या दुनियेतलं सगळ्यात लाडकं टाइम मशीन हातात मावतं, निळं आहे आणि चक्क तोंडानं वाजवतात. नाव: ओकारिना ऑफ टाइम. पत्ता: ‘द लेजंड ऑफ झेल्डा’ मालिकेतला त्याच नावाचा गेम, निन्टेंडो ६४, नोव्हेंबर १९९८.

माहीत आहे का, जपानच्या ‘फामित्सु’ या गेमिंग नियतकालिकानं या गेमला ४० पैकी ४० गुण दिले? त्यांच्याकडे पैकीच्या पैकी मिळवणारा हा पहिलाच गेम. रिव्ह्यूंची सरासरी काढणाऱ्या मेटाक्रिटिकवर तर आजही शंभरपैकी ९९! तो एक मार्क कुणी कापला, त्याचा पत्ता द्या फक्त.

आता पेटी काढा. कंट्रोलरची पाच बटणं, पाच सूर. पांढरी दोनचा सा धरलात तर सा, कोमल ग, प, शुद्ध ध आणि तार सा. बस्स! एवढ्यावर संगीतकार कोजी कोंडो यांनी बारा गाणी बसवली. आणि स्टिक हळूच ढकलली की सूर घसरतो. मींड, तीसुद्धा प्लास्टिकच्या दांडीवर!

पण हे वाद्य खरं आहे का? शंभर टक्के! आजची ओकारिना १८५३च्या सुमारास इटलीत, बोलोन्याजवळच्या बुद्रिओ गावात, जुझेप्पे दोनातीनं घडवली. मातीची, रताळ्याच्या आकाराची. गावात आज तिचं म्युझियमही आहे.

आणि तिचं सायन्स? एकदम हटके! बासरीत भोक कुठे पाडलंय याला महत्त्व असतं, कारण आतल्या हवेच्या स्तंभाची लांबी त्यावर ठरते. ओकारिनाला लांबीशी देणंघेणंच नाही. पोटातली सगळी हवा एकगठ्ठा स्प्रिंगसारखी थरथरते. एकूण भोकं किती उघडी आणि पोट केवढं, यावर सूर ठरतो. याला हेल्महोल्ट्झ रेझोनन्स म्हणतात. रिकाम्या बाटलीच्या तोंडावर फुंकून ‘हूऽऽ’ काढलंय ना लहानपणी? अभिनंदन, तुमचा फिजिक्सचा प्रयोग तेव्हाच झाला! बासरीसारखं जोरात फुंकून वरचं सप्तक मात्र इथे मिळत नाही. जास्त जोर केलात तर सूर फाटतो.

आपल्याकडे वेळ बघून राग गातात. भल्या सकाळी मारवा लावलात तर जाणकारांच्या भुवया वर! लिंक, म्हणजे गेमचा हिरो, याच्या बरोब्बर उलटा. ‘सन्स साँग’ वाजवलं की दिवसाची रात्र, रात्रीचा दिवस. वर फ्री गिफ्ट म्हणजे अंगावर येणारे झाँबीही जागच्या जागी गार. हे गाणं रचणाऱ्या दोन भुतांची नावं? शार्प आणि फ्लॅट. खोटं नाही सांगत!

आता जरा नीट बसा, कारण पुढचा किस्सा डोक्याला शॉट आहे. मोठा झालेला लिंक काकारिको गावच्या पवनचक्कीत जातो. तिथला माणूस चिडलेला. सात वर्षांपूर्वी म्हणे एक पोरगा ओकारिना घेऊन आला, भलतंच गाणं वाजवलं आणि चक्की पार बिघडवून गेला! तेच गाणं तो लिंकला ऐकवतो. लिंक ते शिकतो, सात वर्षं मागे जातो, पोरगा होतो, त्याच पवनचक्कीत तेच वाजवतो. चक्की सुसाट, गावची विहीर कोरडी! मग सांगा, ‘साँग ऑफ स्टॉर्म्स’ रचलं कुणी? लिंक त्या माणसाकडून शिकला, तो माणूस लिंककडून. गाणं आहे, रचणारा नाही! रॉयल्टीचा चेक कुणाच्या नावानं काढायचा, बोला. फिजिक्सवाले अशा गुंत्याला बूटस्ट्रॅप पॅरॅडॉक्स म्हणतात. आणि हो, हे गाणं पाऊसही पाडतं. मल्हारचा जपानी चुलतभाऊ!

२००० साली आला सीक्वेल, ‘मजोराज मास्क’. चंद्र खाली कोसळतोय आणि हातात दिवस फक्त तीन. घड्याळ लावून खेळलात तर ५४ मिनिटं, की खेळ खल्लास. उपाय? ‘साँग ऑफ टाइम’! तीन सूर, दोनदा, आणि थेट पहिल्या दिवसाची पहाट. तेच सूर उलट्या क्रमानं वाजवले की काळ रेंगाळतो. प्रत्येक सूर दोन-दोनदा दाबला की दिवस मावळायला किंवा उजाडायला थेट उडी. रिवाइंड, स्लो-मो, फॉरवर्ड: तीन सुरांचा रिमोट! आमच्या संपादकांना तो मधला द्या कुणीतरी, डेडलाइनच्या दिवशी.

काळ मागे गेला की खिशातले पैसे, बाण, बॉम्ब सगळं गुल. पण बँकेत ठेवलेली रक्कम? जशीच्या तशी! कारण बँकवाला लिंकच्या अंगावर न दिसणारा शिक्का मारतो. काळाच्याही पलीकडचं केवायसी! २०० जमले की मोठं पाकीट बक्षीस. आणि चलन कोणतं, ओळखा पाहू? रुपी!

सूर उलटसुलट करण्याचा नाद निन्टेंडोला इतका, की याच मालिकेतल्या २०११च्या ‘स्कायवर्ड स्वोर्ड’चं मुख्य गाणं म्हणजे जुनी ‘झेल्डाज ललबाय’च, शेवटाकडून सुरुवातीकडे.

आणि ज्या ‘ओकारिना ऑफ टाइम’ला साध्या माणसाचे कित्येक वीकेंड जातात, तो गेम स्पीडरनर मंडळी मेमरीतला एक घोळ वापरून चार मिनिटांच्या आत संपवतात. मॅगी शिजतेय तोवर!