आजोबांची जमीन परत हवी? आधी कोर्ट नाही, एसी ऑफिस!

समजा, तुमच्या आजोबांना सरकारने दोन एकर जमीन दिली होती. अडीनडीला ती परवानगीशिवाय विकली गेली. आता प्रश्न पडतो, थेट बेंगळुरूच्या हायकोर्टात जायचं का?

कर्नाटकात अनुसूचित जाती-जमातींच्या कुटुंबांना मिळालेल्या अशा जमिनींसाठी १९७८चा खास कायदा आहे. लोक त्याला ‘पीटीसीएल’ म्हणतात. सरकारच्या परवानगीशिवाय झालेली विक्री या कायद्याने रद्द ठरते. जमीन विकत घेणाऱ्यांनी त्याला आव्हान दिलं, पण १९८४मध्ये सुप्रीम कोर्टाने कायदा वैध ठरवला.

मात्र पहिली पायरी कोर्टाची नाही. मूळ मालक किंवा त्याचे वारस असिस्टंट कमिशनरकडे, म्हणजे एसींकडे, अर्ज करून जमीन परत मागू शकतात. निकाल पटला नाही, तर तीन महिन्यांत डेप्युटी कमिशनरकडे अपील करायचं. जमीन घेणाऱ्यालाही हाच मार्ग आहे. तो सोडून रिट केली, तर हायकोर्ट सहसा ‘आधी तिकडे जा’ असंच सांगतं. तुमचं म्हणणं न ऐकताच आदेश निघाला किंवा अधिकाऱ्याला तो अधिकारच नव्हता, तर गोष्ट वेगळी.

उशीर मात्र करू नका. कायदा आल्यावर सुमारे २५ वर्षांनी केलेला अर्ज सुप्रीम कोर्टाने २०१७मध्ये मान्य केला नाही. २०२३मध्ये कायद्यात दुरुस्ती होऊन अर्जाला मुदत उरली नाही. तरी कोर्टात उशिराचा मुद्दा निघतोच.

तेव्हा आजच घरातली जुनी ट्रंक उघडा. जमीन दिल्याचा आदेश, खरेदीखत, उतारा शोधा आणि तारखा वहीत लिहून ठेवा.