बळीचे राज्य आणि पायाखालचे कारीट

नरकचतुर्दशीच्या पहाटे कोकणात तुळशीपाशी कारीट फोडतात. ते कडू फळ पायाच्या अंगठ्याखाली चिरडले, की नरकासुर मेला असे समजायचे. मग येते बलिप्रतिपदा. त्या दिवसांत ओवाळताना घरातली आयाबाया म्हणतात, ‘इडापिडा टळो, बळीचे राज्य येवो!’ आता नरकासुर असुर आणि बळीराजाही असुरच. एका असुराला पायाखाली घ्यायचे आणि दुसऱ्या असुराचे राज्य मागायचे, हा काय प्रकार आहे?

पेण, वडखळ, डोलवी, रोहा या पट्ट्यात आपली वस्ती गावाला लागूनच आहे. आपल्या घरी कारीट फुटत नाही, पण शेजारच्या अंगणात फुटते आणि आपली पोरे ते पाहतात. घरी येऊन विचारतात, ‘असुर म्हणजे कोण? त्याला का मारायचे?’ ‘ते आपले नाही’ एवढे सांगून मुलांचे समाधान होत नाही. त्यांना नीट उत्तर मिळाले पाहिजे.

लढाई कल्पित, प्रश्न खरा

देव आणि असुरांचे युद्ध कोणी पाहिलेले नाही. तरीही कल्पित लढाईतसुद्धा राक्षस कोणाला म्हणायचे हे कोणीतरी ठरवतो, आणि जो लिहितो तोच ठरवतो. वामनाची कथाच घ्या. बळी दानशूर. दारी आलेल्याला तो परत पाठवत नसे. बटू वामन आला आणि त्याने तीन पावले जमीन मागितली. बळीने दिली. दोन पावलांत पृथ्वी आणि स्वर्ग संपले, तिसरे पाऊल बळीच्या डोक्यावर पडले आणि तो पाताळात गेला. म्हणजे देणारा हरला आणि कपटाने मागणारा जिंकला. तरी पूजा झाली ती जिंकणाऱ्याची.

जोतिरावांनी कथा उलटी वाचली

ही कथा हरलेल्याच्या बाजूने वाचली ती महात्मा जोतिराव फुले यांनी. १८७३ साली त्यांचा ‘गुलामगिरी’ हा ग्रंथ निघाला आणि त्याच वर्षी २४ सप्टेंबरला सत्यशोधक समाज स्थापन झाला. अमेरिकेत गुलामांना दास्यातून मुक्त करणाऱ्या सदाचारी लोकांना त्यांनी हा ग्रंथ अर्पण केला. धोंडिबा प्रश्न विचारतो आणि जोतिराव उत्तर देतात, अशी त्याची मांडणी आहे. मत्स्य, कच्छ, वराह, नरसिंह, वामन, परशुराम अशा एकेका अवताराला त्यांनी उलटतपासणीला उभे केले. माशापासून माणूस होईल कसा, असा रोकडा सवाल केला. अवतार म्हणजे बाहेरून आलेल्या टोळ्यांचे एकामागून एक म्होरके आणि बळी हा इथल्या कष्टकऱ्यांचा न्यायी राजा, असा अर्थ त्यांनी लावला. खंडोबा, म्हसोबा ही आपल्या खेड्यांतली दैवते त्यांना बळीचे अधिकारी वाटली. दसऱ्याला सोने लुटण्याच्या चालीतही त्यांना बळीच्या राज्याच्या लुटीची खूण दिसली.

हा इतिहास अक्षरशः खरा का? बाबासाहेबांनी इथे डोळे मिटून मान डोलावली नाही. ‘शूद्र पूर्वी कोण होते?’ या १९४६ च्या ग्रंथात त्यांनी आर्यांच्या स्वारीचा सिद्धांत पुराव्यानिशी नाकारला. पण तोच ग्रंथ त्यांनी जोतिरावांच्या स्मृतीस अर्पण केला. गुरू मानायचे आणि गुरूचे म्हणणेही तपासायचे, हा धडा आपल्या घराघरांत गेला पाहिजे. जोतिरावांचे मोठेपण त्यांनी विचारलेल्या प्रश्नात आहे. गोष्ट कोणी सांगितली आणि तिच्यात कोणाचा फायदा, हे त्यांनी आपल्याला विचारायला शिकवले.

बळीची आठवण महाराष्ट्रापुरतीही नाही. केरळात ओणमच्या सणाला महाबली आपल्या प्रजेला भेटायला येतो असे मानतात आणि त्याच्या स्वागताला अंगणात फुलांच्या रांगोळ्या घालतात. हरवलेल्या राजाला लोक इतकी शतके विसरले नाहीत, ते काय उगीच?

रथ मागे फिरवणारा

हेच देवासुर युद्ध आपल्या पाली ग्रंथांतही आहे. कुलावक जातक वाचा. त्यात देवांचा राजा शक्र हा धुतल्या तांदळासारखा नाही. तो असुरांना दारू पाजतो आणि त्यांचे पाय धरून त्यांना सिनेरू पर्वताच्या पायथ्याशी फेकून देतो. खाली पडलेल्या असुरांना पुढे आपले झाड फुललेले दिसते, पण ते पारिजात नसते, पाटली असते. तेव्हा त्यांना कळते, की आपले घर गेले. मग ते चाल करून येतात. ज्यांची जमीन गेली त्यांना हे दुःख वेगळे समजावून सांगायला नको.

या लढाईत शक्राची पीछेहाट होते. त्याचा रथ सावरीच्या बनातून पळत सुटतो. झाडे मोडतात, घरट्यांतली गरुडाची पिल्ले किंचाळतात. तो आवाज ऐकून शक्र मातली सारथ्याला सांगतो, आपल्या जिवासाठी ही पिल्ले मरता कामा नयेत, रथ मागे फिरव. शत्रू मागे असताना रथ फिरतो. असुरांना वाटते, याला नवी कुमक आली, आणि ते घाबरून पळून जातात.

वामनाच्या कथेत पाऊल दुसऱ्याच्या डोक्यावर पडते म्हणून विजय होतो. जातकात पिल्ले चिरडू नयेत म्हणून रथ फिरतो आणि विजय नंतर आपोआप येतो. दोन्ही कथा कल्पितच, पण मूल कोणत्या कथेवर वाढते त्याने फरक पडतो. हल्ली मोबाइलवरच्या खेळांतही दोन राज्यांचे युद्ध असते आणि समोरचा सैनिक मारण्यासाठीच असतो. तो कोण, त्याचे घर कुठे, हे खेळ सांगत नाही.

तेव्हा बंधू-भगिनींनो, येत्या दिवाळीत पोराने असुराबद्दल विचारले, तर त्याला जवळ बसवा. शेजाऱ्याच्या सणाला नावे न ठेवता आधी बळीची गोष्ट सांगा, मग जोतिरावांचा प्रश्न सांगा आणि शेवटी सावरीच्या झाडावरची पिल्ले सांगा. नंतर त्यालाच विचारा, ‘तू त्या रथात असतास तर काय केले असतेस?’ आणि त्याचे उत्तर पुरते ऐकून घ्या.