अक्षर न येणारीलाही वाचता येणारं चित्र



आमच्या गटाच्या बैठकीत एकदा एकीने हास्यचित्रांचं पुस्तक आणलं होतं. हप्ते जमा होईपर्यंत ते हातोहात फिरलं. आम्ही शिकलेल्या बायका सवयीप्रमाणे चित्राखाली काय लिहिलंय ते शोधत होतो, आणि खाली काहीच नव्हतं. तेवढ्यात शेजारच्या आजींनी पान बघितलं आणि तोंडाला पदर लावून हसायला लागल्या. आजी अंगठा लावतात. बैठकीत ठराव वाचला जातो तेव्हा त्या मान खाली घालून बसतात. त्या दिवशी मात्र चित्रातली गंमत त्यांनी आम्हाला समजावून सांगितली.

पुस्तक शि. द. फडणीस यांचं होतं. आज त्यांच्याबद्दल बोलूया, कारण हा माणूस आपल्याच मुलखातला.

शिवराम दत्तात्रेय फडणीस यांचा जन्म 29 जुलै 1925 चा. गाव भोज, निपाणीच्या बाजूचं. आज ते कर्नाटकात, बेळगाव जिल्ह्यात येतं. पण बाजारहाट, सोयरीक आणि शाळा यांसाठी त्या भागातल्या लोकांची पावलं कोल्हापूरकडेच वळतात. फडणीसही शिकायला कोल्हापूरला आले. कोल्हापूरला लोक कलापूर म्हणतात ते उगाच नाही. आबालाल रहिमान आणि बाबूराव पेंटर यांच्यासारखे चित्रकार इथलेच. चित्र काढणाऱ्या मुलाला हे शहर नवखं वाटणारं नव्हतं. पुढे मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत त्यांनी जाहिरातीच्या चित्रकलेचं शिक्षण घेतलं. नंतर पुण्यात राहून आयुष्यभर चित्रंच काढली.

त्या काळी चित्रावर पोट भरणं सोपं नव्हतं. पण महाराष्ट्रात मासिकं होती, दिवाळी अंक होते आणि त्यांना मुखपृष्ठं लागत. ‘हंस’ आणि ‘मोहिनी’ ही मासिकं चालवणारे संपादक अनंत अंतरकर यांनी फडणीसांना हास्यचित्राकडे वळवलं. मासिकाच्या मुखपृष्ठावर तेव्हा सुंदर बाईचं चित्र हमखास असायचं. नटलेली, लाजणारी, हातात दिवा किंवा फूल घेतलेली. अशा ठिकाणी रंगीत विनोदी चित्र छापणं हे संपादकाचंही धाडस होतं.

1952 साली ‘मोहिनी’च्या दिवाळी अंकावर फडणीसांचं एक चित्र आलं आणि ते घराघरांत पोचलं. चित्रात एक तरुण आणि एक तरुणी आहेत. तिच्या कपड्यांवर मांजरांची नक्षी आणि त्याच्या शर्टावर उंदरांची. एवढंच. खाली एक अक्षर नाही.

आता यात हसू कुठून येतं ते बघा. कापडावरची नक्षी निर्जीव असते, हे आपल्याला ठाऊक आहे. मांजर आणि उंदीर समोरासमोर आले की काय होतं, हेही घरात कणगी असलेल्या प्रत्येकीला ठाऊक आहे. चित्रकार या दोन माहीत असलेल्या गोष्टी शेजारी ठेवतो आणि गप्प बसतो. त्यांना जोडण्याचं काम आपलं मन करतं. ते जुळलं की आपण हसतो. म्हणजे निम्मा विनोद चित्रकाराचा आणि निम्मा बघणारीचा. म्हणूनच आजींना तो आमच्या आधी कळला. आम्ही अक्षर शोधत होतो, त्या चित्र बघत होत्या.

त्यात आणखी एक गोष्ट आहे. रस्त्यावर किंवा एसटीच्या थांब्यावर परक्या पुरुषाशेजारी उभं राहताना अंग चोरून घ्यायची सवय आपल्याला लागलेली असते. या चित्रात मात्र मांजरं तिच्या बाजूला आहेत. घाबरायची पाळी कुणाची, ते तुम्हीच ठरवा!

अशा चित्रांना आपण सरसकट व्यंगचित्र म्हणतो, पण त्यांत प्रकार आहेत. कुणाचं तरी व्यंग दाखवून टीका करणारं ते व्यंगचित्र. वर्तमानपत्रात पुढाऱ्यांवर येतं, ते बहुतेक वेळा याच जातीचं. एखाद्या माणसाचं नाक, मिशी, ढब वाढवून काढलेलं ते अर्कचित्र. आणि कुणाला न बोचता निखळ हसवणारं ते हास्यचित्र. फडणीस रमले ते हास्यचित्रात. बायको, सासू, जाड बाई यांच्यावरचे तेच ते विनोद ऐकून आपले कान किटलेत. त्यांच्या हास्यचित्रांना असल्या टोमण्यांचा आधार लागला नाही. घर, दुकान, रस्ता, पाऊस अशा रोजच्या गोष्टींतूनच त्यांनी गंमत काढली.

पु. ल. देशपांडे यांच्या ‘अपूर्वाई’ या प्रवासवर्णनातली चित्रं त्यांचीच. ‘हसरी गॅलरी’ या नावाने त्यांनी आपल्या चित्रांची प्रदर्शनं भरवली. पत्नी शकुंतला फडणीस स्वतः लेखिका. ‘रेषाटन’ हे त्यांचं आत्मकथन. 29 जुलै 2024 रोजी त्यांनी शंभराव्या वर्षात पाऊल ठेवलं.

पण आम्हाला सगळ्यांत जवळचं वाटतं ते वेगळंच काम. बालभारतीच्या प्राथमिक शाळेच्या गणिताच्या पुस्तकांत फडणीसांची चित्रं होती. गणित म्हटलं की पोटात गोळा येणारी आपल्यापैकी कितीतरी जणी आहेत. त्या पुस्तकात आकड्यांच्या शेजारी हसरं चित्र असायचं. मूल आधी चित्र बघायचं आणि मग उदाहरणाकडे वळायचं. ती चित्रं महाराष्ट्रातल्या गावोगावच्या दप्तरांत गेली. चित्रकाराचं नाव किती जणींनी बघितलं असेल? आपण स्वयंपाक केला तर ‘जेवण चांगलं झालंय’ म्हणतात, कुणी केलं ते विचारत नाहीत. तसंच हे.

आपल्या भागाला ही परंपराच आहे. 1930 साली ‘स्त्री’ मासिक सुरू करणारे किर्लोस्करवाडीचे शं. वा. किर्लोस्कर स्वतः चित्रकार होते. रूढी आणि अंधश्रद्धा यांच्यावर त्यांनी व्यंगचित्रं काढली. वसंत सरवटे यांचा जन्म 1927 साली कोल्हापुरातच झाला. सिमेंट कंपनीत इंजिनिअरची नोकरी करता करता त्यांनी पुस्तकांसाठी आणि ‘ललित’ मासिकासाठी चित्रं काढली. तिघांच्या तीन तऱ्हा.

आता आपल्या गटासाठी थोडं. पुढच्या बैठकीला घरातलं एखादं जुनं पाठ्यपुस्तक किंवा दिवाळी अंक आणा. शब्द नसलेलं चित्र मधोमध ठेवा आणि तीन प्रश्न विचारा: चित्रात कोण आहे? ते काय करताहेत? यात वेगळं, विचित्र काय आहे? पहिलं उत्तर लिहिता-वाचता न येणाऱ्या बाईला देऊ द्या. मग बैठकीची सूचना चित्रातून काढून बघा. तारखेऐवजी चंद्राची कोर, वेळेसाठी घड्याळ, जागेसाठी देवळापुढचं झाड. रेघ वाकडी आली तरी चालेल.

एक मात्र सांगून ठेवतो. चित्राने बैठक कळेल, पण कर्जाचा कागद चित्राने कळत नाही. तो कुणाकडून तरी पूर्ण वाचून घेतल्याशिवाय अंगठा लावायचा नाही. आमच्या आजींनी आता तसा नियमच केलाय. परवा ठराव वाचून झाल्यावर त्या म्हणाल्या, “पुन्हा वाचा, सावकाश.” चित्र मी समजावलं, कागद तुम्ही समजवा, असा त्यांचा हिशोब आहे. आम्ही पुन्हा वाचला.