नुसते ‘नाग’ लिहिले, तर कुठे पोचायचे?

नागपूरच्या पश्चिमेला लावा गावाच्या टेकड्यांत उगम पावून अंबाझरीकडून शहरात शिरणारी नदी म्हणजे नाग. फणा काढणारा साप नाग. रसशास्त्रात शिशाला नाग म्हणतात, म्हणून वैद्यांकडे नागभस्म असते. धम्मदीक्षेसाठी नागपूरच का निवडले, हे डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १५ ऑक्टोबर १९५६ च्या भाषणात सांगितले, तेव्हा बौद्ध धर्माचा प्रसार करणाऱ्या नाग लोकांचा इतिहास त्यांनी पुढे ठेवला. आणि डॉ. अब्दुल कलाम यांच्या नेतृत्वाखाली १९८३ मध्ये सुरू झालेल्या क्षेपणास्त्र कार्यक्रमात रणगाडाविरोधी क्षेपणास्त्राला नाव मिळाले, तेही नागच.

ऑनलाइन ज्ञानकोशात मात्र एका शीर्षकाला एकच पान असते. वाचकाने नुसते ‘नाग’ लिहिले, तर त्याला यांपैकी कुठे न्यायचे? विकिपीडियाच्या चर्चापानांवर असे वाद वर्षानुवर्षे चालतात, आणि त्यांत तंत्रज्ञानाच्या शब्दांचा वाटा मोठा असतो. कारण तंत्रज्ञानाला रोज नवी नावे लागतात आणि ती बहुधा जुन्याच शब्दांतून उचलली जातात.

इंग्रजी विकिपीडियावर नुसते ‘जावा’ लिहिल्यास इंडोनेशियाचे बेट मिळते; संगणकाच्या त्याच नावाच्या भाषेला कंसात ओळख जोडावी लागते. ‘पायथन’ लिहिल्यास ना अजगर मिळतो, ना संगणकभाषा. मिळते ती सगळ्या अर्थांची यादी. ‘ॲपल’ आजही फळाकडे जाते. ‘विंडोज’ मात्र भिंतीतल्या खिडक्यांना मागे सारून थेट मायक्रोसॉफ्टच्या प्रणालीकडे पोचते. चार शब्द, तीन प्रकारचे निकाल. यामागे दोन कसोट्या आहेत. बहुतेक वाचक तो शब्द कोणत्या अर्थाने शोधतात, ही पहिली. कोणत्या अर्थाचे महत्त्व दीर्घकाळ टिकणारे आहे, ही दुसरी. शीर्षक बदलण्याची मागणी आली की किमान सात दिवस चर्चा होते, आणि हात मोजून नव्हे, युक्तिवाद तोलून निर्णय व्हावा, अशी अपेक्षा असते.

या दोन कसोट्या एकमेकींशी भांडतात. फळाचा इतिहास हजारो वर्षांचा, कंपनी १९७६ ची. पण शोध घेणाऱ्यांत कंपनीचे वाचक थोडे नसतात. मला विचाराल तर पहिल्या कसोटीला तंत्रज्ञानाच्या बाबतीत फार वजन देऊ नये. शोधाचे आकडे बातमीबरोबर चढतात आणि उतरतात. क्षेपणास्त्राची चाचणी झाली की आठवडाभर ‘नाग’ म्हणजे क्षेपणास्त्र, आणि नागपंचमी आली की पुन्हा साप. ज्ञानकोशाचा दरवाजा पंचांग आणि वर्तमानपत्र पाहून हलवायचा नसतो.

याहून मोठे कारण मात्र वेगळे आहे, आणि ते या वादांत क्वचितच बोलले जाते. ज्ञानकोशातल्या लेखांत हजारो दुवे असतात. समजा ‘नाग’ हे शीर्षक क्षेपणास्त्राला दिले. नागपूरवरचा लेख लिहिणाऱ्याने ‘नाग नदी’ऐवजी घाईत नुसत्या ‘नाग’ला दुवा दिला, तर तो दुवा निळा दिसेल, चालेल आणि वाचकाला रणगाड्यापाशी नेऊन सोडेल. चूक झाली आहे, हे कुणाला कळणारही नाही. त्याऐवजी ‘नाग’ या पानावर अर्थांची यादी असेल, ज्याला मराठी विकिपीडियावर निःसंदिग्धीकरण पान म्हणतात, तर तिथे येणारा जवळजवळ प्रत्येक दुवा आपोआप संशयित ठरतो. त्यांची यादी काढता येते, एकेक दुवा तपासून योग्य जागी वळवता येतो. इंग्रजी विकिपीडियावर असा दुवा देणाऱ्या सदस्याला स्वयंचलित सांगकाम्याकडून निरोप जातो. मूळ शीर्षक एका अर्थाला बहाल केले, की ही तपासणीच संपते. पुढे तेच शीर्षक दुसऱ्या अर्थाला दिले तर आणखी बिघडते: जुने सगळे दुवे एका क्षणात दुसऱ्या अर्थाकडे वळतात, लेखांतली वाक्ये मात्र तशीच राहतात.

छापील कोशकारांना ही अडचण नव्हती. एकाच शीर्षकाच्या नोंदी क्रमांक घालून एकाखाली एक छापल्या, की वाचकाची नजर सगळ्यांवरून फिरे. श्रीधर व्यंकटेश केतकरांच्या महाराष्ट्रीय ज्ञानकोशाचा इथे उल्लेख हवा, कारण त्या प्रकल्पाची कंपनी नागपुरातच उभी राहिली. काम पुढे पुण्याला गेले. तेवीस खंडांच्या त्या कोशात पाच प्रस्तावना खंड आहेत. पहिला ‘हिंदुस्थान आणि जग’, दुसरा ‘वेदविद्या’ आणि पाचवा ‘विज्ञानेतिहास’. वेद आणि विज्ञान एकाच वाचकाच्या हाती द्यायचे, हा केतकरांचा आग्रह होता. नागपूरचा दुसरा वारसा याच्या उलट टोकाचा आहे. डॉ. रघुवीर यांनी मध्य प्रांत-वऱ्हाडच्या राजधानीत बसून इंग्रजी शास्त्रीय संज्ञांना संस्कृत धातूंपासून प्रतिशब्द घडवले. प्रत्येक कल्पनेला स्वतंत्र, काटेकोर शब्द असावा, ही त्यांची दिशा. ती पूर्ण साधली असती, तर आजचा वाद उद्‌भवलाच नसता. पण लोक आणि सरकार दोघेही ओळखीचाच शब्द नव्या वस्तूला देत राहिले.

आजचे नागपूर त्याचा ढळढळीत पुरावा आहे. १ ऑक्टोबर २०२१ रोजी आयुध निर्माणी मंडळाच्या सात कंपन्या झाल्या, त्यांतल्या एकीचे मुख्यालय अंबाझरीला आले. तिचे नाव यंत्र इंडिया. यंत्र म्हणजे कारखान्यातले मशीन, यंत्र म्हणजे उपासनेची रेखाकृती, आणि आता यंत्र म्हणजे ही कंपनी. विकिपीडियावर ‘यंत्र’ या मराठी पानाची जोडणी चुकून इंग्रजीतल्या ‘यंत्र’ पानाशी झाली, तर कारखान्याबद्दल वाचणारा विद्यार्थी थेट श्रीयंत्रापाशी पोचेल, कारण इंग्रजीत ते पान रेखाकृतीचे आहे. पिनाक हे शिवाचे धनुष्य आणि रॉकेट प्रणालीही. तिची रॉकेट्स नागपूरच्या कंपनीनेही बनवली. २०२४ मध्ये लष्कराला मिळालेला नागास्त्र-१ हा घिरट्या घालून लक्ष्यावर आदळणारा ड्रोन नागपूरचाच, आणि नागास्त्र हे नाव पुराणकथांतले. पृथ्वी, अग्नी, आकाश, त्रिशूल या क्षेपणास्त्रांची नावेही अशीच जुन्या शब्दांतून आली.

शस्त्राला पुराणातले नाव देण्यावर माझा आक्षेप नाही. पण त्या नावाचा ज्ञानकोशातला पहिला हक्क शस्त्राला मिळू नये. पृथ्वी आणि अग्नी यांच्या बाबतीत वाद नकोच. तिथे मूळ अर्थ इतका भक्कम आहे की मुख्य पान त्याचेच, आणि वर क्षेपणास्त्राकडे जाणारी एक ओळ पुरे. ‘नाग’ आणि ‘यंत्र’ यांना मात्र यादीचेच पान हवे. नदी, साप, शिसे, लोक आणि क्षेपणास्त्र यांतल्या एकाची निवड करणे म्हणजे बाकीच्या चौघांच्या वाचकांना परके ठरवणे. त्या धम्मदीक्षेच्या जागी, दीक्षाभूमीवर, येणारा माणूस ‘नाग’ शोधतो तेव्हा त्याला क्षेपणास्त्र दाखवण्याचा अधिकार कोणत्याही आकडेवारीला नाही.

मराठीत याची निकड जास्त आहे. १ मे २००३ रोजी सुरू झालेल्या मराठी विकिपीडियावर संपादन करणारे हात थोडे आहेत. इंग्रजीत चुकलेला निर्णय उलटवायला दहा जण धावतात. इथे एकाने रात्री केलेले पुनर्निर्देशन, म्हणजे एका शीर्षकावरून दुसऱ्या पानाकडे वळवलेली वाट, वर्षानुवर्षे तसेच राहू शकते. शिवाय शोधयंत्रे आणि प्रश्नांना उत्तरे देणारी संगणकप्रणाली याच पानांतून मजकूर उचलतात, म्हणजे चूक तिथेच थांबत नाही.

यावरचा उपाय महागडा नाही आणि त्यासाठी संगणकतज्ज्ञ असावे लागत नाही. आयुर्वेदाच्या शिक्षकाला ‘नाग’ आणि ‘रसायन’ यांचे अर्थ ठाऊक आहेत, अभियंत्याला ‘यंत्र’ आणि ‘तंत्र’ यांचे, पाली शिकवणाऱ्याला नाग लोकांचे. नागपूरच्या महाविद्यालयांत ही सगळी माणसे आहेत. त्यांनी आपापल्या विषयातले दहा-दहा संदिग्ध शब्द घ्यावेत, ते आज कुठे नेतात हे पाहावे, आणि चुकीचे वाटले तर चर्चापानावर किंवा चावडी या सामायिक चर्चेच्या पानावर कारणासह लिहावे. खाते उघडायला पैसे लागत नाहीत, परवानगीही लागत नाही. या दिवाळीच्या सुट्टीत सुरुवात करा.