गवताचा गुप्त सोबती

दुसऱ्याच्या जिवावर जगणाऱ्याला बांडगूळ म्हणतात, आणि बुरशीची गणना बहुधा त्याच वर्गात होते. परंतु काही गवतांच्या अंगी अशी एक बुरशी नांदते की, तिला बांडगूळ म्हणावे की घरचे माणूस, असा प्रश्न पडावा.

अमेरिकेतील केंटकी राज्यात १९३१ साली ई. एन. फर्गस या कृषिशास्त्रज्ञाला एका डोंगरउतारावर आपोआप माजलेले गवत आढळले. ते मूळचे युरोपातील उंच फेस्क्यू. १९४३ मध्ये ‘केंटकी ३१’ या नावाने त्याचे बी शेतकऱ्यांच्या हाती आले आणि लक्षावधी एकर कुरणे त्याने व्यापली. पण कुरण हिरवेगार असूनही गुरे मात्र रोडावू लागली! हिवाळ्यात त्यांच्या खुरांना व शेपटीच्या टोकाला रक्त पोचेनासे होऊन तो भाग सडे. उन्हाळ्यात ती धापा टाकीत पाण्यात उभी राहत. गायींचे दूध आटे. गवतावर तर डाग नाही की ठिपका नाही.

या कोड्याचा उलगडा १९७७ साली जॉर्जिया राज्यातील संशोधकांनी केला. गवताच्या पेशींच्या फटींतून एका बुरशीचे सूक्ष्म तंतू पसरलेले होते. ही बुरशी फेस्क्यूच्या बाहेर कधी डोकावतच नाही. तिचे बीजकण वाऱ्यावर उडत नाहीत; फुलोऱ्याच्या दांड्यातून ती बियांत शिरते आणि आईकडून लेकीकडे जावी तशी पुढच्या पिढीत जाते. गवताचा वंश बुडाला की तिचाही बुडाला. म्हणूनच की काय, ती अन्न गवताचे खाते आणि त्याच्या रक्षणासाठी विषे तयार करते. कीटकांना दूर ठेवणारी काही विषे निराळी. गुरांच्या रक्तवाहिन्या आवळणारे अर्गोव्हॅलीन मात्र अरगटाच्या विषांचे सख्खे भावंड. बाजरीच्या कणसातून चिकट द्रव पाझरविणारा अरगट याच कुळातला.

उपाय सोपा वाटला: बुरशीविरहित बी पेरावे. गुरे धष्टपुष्ट झाली खरी. पण दक्षिणेकडील उष्ण राज्यांत अवर्षण, कीड आणि चराई यांपुढे ते गवतच टिकेना. शेतकऱ्याने शत्रू म्हणून ज्याला हाकलले, तोच कुरणाचा राखणदार निघाला.

अखेर न्यूझीलंडच्या शास्त्रज्ञांनी निरनिराळ्या फेस्क्यूंतील बुरश्या पारखून अर्गोव्हॅलीन न बनविणारे वाण निवडले. ते ज्यात वसविले आहेत असे बियाणे २००० सालच्या सुमारास अमेरिकेत विक्रीस आले. त्याची पोती थंड, कोरड्या जागी ठेवावी लागतात. उष्म्यात बी उगवण्याजोगे राहते, पण आतला सोबती आधीच मरून जातो.