पार्श्वसंगीत : आवाजामागची सोबत

वसतिगृहाच्या आरंभीच्या काळातील शिक्षक, स्वयंपाकी आणि विद्यार्थी यांच्या आठवणी त्यांच्याच तोंडून चित्रित करून ठेवाव्यात, असा संकल्प आम्ही काही माजी विद्यार्थ्यांनी केला. पहिली चित्रफीत मोठ्या उत्साहाने तयार झाली. ती रुक्ष वाटू नये म्हणून आरंभापासून अखेरपर्यंत बासरी आणि तबला यांचे संगीत आम्ही तिला जोडले. स्नेहमेळाव्यात ती दाखविली, तेव्हा ज्यांच्या हातच्या भाकरीवर आमच्या कित्येक पिढ्या वाढल्या, त्या मावशी पहिल्या रांगेत बसल्या होत्या. चित्रफीत संपल्यावर त्या म्हणाल्या, "बाळांनो, वाजप लई ग्वाड हाय, पर मी काय बोलले, ते मलाच उमगलं न्हाई."

त्या एका वाक्याने आम्हांस पार्श्वसंगीताचा पहिला नियम शिकविला. संगीत हे बोलणाऱ्याच्या मागे चालावे, पुढे नव्हे. पुढील चित्रफिती तयार करताना जे शिकलो, ते येथे मांडत आहोत. कारण आज अनेक घरांत असे चित्रण होत आहे.

आम्ही शॉटकट हे विनामूल्य सॉफ्टवेअर वापरतो. अन्य सॉफ्टवेअरमध्येही रीत साधारण हीच असते. चित्र व त्यासोबतचा आवाज एका ट्रॅकवर ठेवावा आणि संगीतासाठी स्वतंत्र ऑडिओ ट्रॅक उघडावा. दोन्ही वेगळे राहिले, तरच एकाला धक्का न लावता दुसऱ्यात बदल करता येतो.

त्यानंतर पातळी ठरवावी. ध्वनीची पातळी डेसिबलमध्ये मोजतात. सॉफ्टवेअरच्या मापकावर शून्य ही कमाल मर्यादा असते. ती ओलांडली की आवाज फाटतो. बोलण्याची उच्चतम पातळी उणे 12 ते उणे 6 यांच्या दरम्यान ठेवावी आणि संगीत त्याहून 15 ते 20 डेसिबल खाली असावे. पातळी 6 डेसिबलने उतरली की ध्वनिलहरीची उंची सुमारे निम्मी होते, 20 डेसिबलने उतरली की एक दशांश उरते. संपादन करणाऱ्याला संवाद पाठ झालेला असतो, म्हणून त्याला सारे स्पष्ट ऐकू येते. वृद्धांना मात्र मागे काही वाजत असताना बोलणे समजणे कठीण जाते. यास्तव चित्रफीत आधी घरातील एखाद्या ज्येष्ठ व्यक्तीला ऐकवावी. तीच खरी कसोटी.

संगीत सर्वत्र एकाच पातळीवर नसावे. ध्वनीच्या फिल्टरमध्ये 'कीफ्रेम' नावाच्या खुणा करता येतात. बोलणे सुरू होण्यापूर्वी अर्धा सेकंद संगीत खाली आणावे व बोलणे थांबल्यावर एक-दोन सेकंदांत ते हळूहळू वर न्यावे. आरंभी 'फेड इन' आणि अखेरीस 'फेड आउट' दिल्यास ते एकाएकी उसळत नाही की तुटत नाही. संगीत लांब पडले, तर मधला भाग कापताना ताल मोजावा. त्रितालात सोळा मात्रांचे आवर्तन असते. समेवर कापून पुढचा तुकडा समेवरच जोडला, तर सांधा सहसा जाणवत नाही. दोन तुकडे एकमेकांवर किंचित चढविले की सॉफ्टवेअर त्यांचा मिलाफ करून देते.

संगीताची निवडही विचारपूर्वक करावी. भीमगीते आपल्या सर्वांच्या हृदयाजवळची आहेत. परंतु बोलण्याखाली गाणे लावले की शब्दांवर शब्द आदळतात. शिवाय भारतीय कायद्यानुसार गीत व चाल यांवरील हक्क रचनाकाराच्या मृत्यूनंतर 60 वर्षे टिकतो आणि ध्वनिमुद्रणावरील हक्क त्याहून वेगळा असतो. वामनदादा कर्डक 2004 साली निवर्तले, म्हणजे त्यांच्या गीतांवरील हक्क आजही कायम आहे. अशा रचना वापरण्यापूर्वी रीतसर परवानगी घेणे हाच त्यांचा मान. आम्ही यावर साधा उपाय शोधला : आपल्याच विद्यार्थ्यांकडून हार्मोनियम व ढोलकी वाजवून घेतली.

आणि काही ठिकाणी संगीत नसावेच. आपल्या पहिल्या रात्रीची आठवण सांगताना एका माजी विद्यार्थ्याचा कंठ दाटला आणि तो क्षणभर थांबला. तेथे आम्ही बासरी काढून टाकली. त्या स्तब्धतेत मागे वसतिगृहाचा नळ वाजत होता. तो तसाच राहू दिला.

शेवटी एक सल सांगणे आवश्यक आहे. त्या पहिल्या चित्रफितीत आमचे एक गुरुजीही बोलले होते. मोबाइलमध्ये जागा नाही, म्हणून त्यांचे मूळ चित्रण आम्ही पुसून टाकले. आज गुरुजी हयात नाहीत आणि त्यांचा आवाज आमच्यापाशी केवळ त्या तबल्याखाली दबलेला आहे. एकत्र मिसळलेले ध्वनी वेगळे करणारी साधने अलीकडे आली आहेत. तीही आम्ही वापरून पाहिली. शब्द काहीसे स्पष्ट झाले, परंतु गुरुजींचा तो खर्ज परत आला नाही.

म्हणून आमची सर्वांस नम्र विनंती आहे : मूळ चित्रण, संगीत आणि संपादनाची प्रकल्प-फाइल या तिन्ही गोष्टी दोन निरनिराळ्या ठिकाणी जपून ठेवाव्यात. संगीत पुन्हा केव्हाही जोडता येते. गेलेल्या माणसाचा आवाज पुन्हा ध्वनिमुद्रित करता येत नाही.