अडीच घरांची वाट

बारामतीत कऱ्हेच्या काठी राहून मोरोपंतांनी रामकथा किती तऱ्हांनी सांगितली! परंपरा त्यांच्या नावावर १०८ रामायणं नोंदवते. त्यातलं एक निरोष्ठ. ओठ मिटून उच्चारावे लागणारे प, फ, ब, भ, म हे वर्ण त्यात वर्ज्य आहेत. म्हणजे ज्याची कथा सांगायची त्याचं 'राम' हे नावच कवीला घेता येत नाही. १७२९ साली पन्हाळ्यावर जन्मलेले मोरोपंत बाबूजी नाईकांच्या आश्रयाला बारामतीत आले, पुराण सांगत आणि लिहीत राहिले, आणि १७९४ साली तिथंच गेले. स्वतःवर कडक नियम लादून घ्यायचा आणि त्या नियमाच्या आतच मोकळं व्हायचं, ही त्यांची रीत होती. बुद्धिबळ खेळणाऱ्या कुणालाही ती ओळखीची वाटेल.

संस्कृत कवींनी अशी एक अट थेट बुद्धिबळाच्या पटावरून उचलली होती. अनुष्टुभ श्लोकात आठ आठ अक्षरांचे चार चरण असतात. ते एकाखाली एक लिहिले की ३२ घरांचा अर्धा पट तयार होतो. आता घोडा अडीच घरांच्या चालीनं प्रत्येक घरात एकदाच जात सगळा अर्धा पट फिरला, तर ज्या क्रमानं अक्षरं भेटतील त्या क्रमानंही श्लोक उभा राहिला पाहिजे. नवव्या शतकातल्या रुद्रटाच्या 'काव्यालंकारा'त असा श्लोक आहे. सरळ वाचा किंवा घोड्याच्या वाटेनं वाचा, तोच श्लोक मिळतो. वेदान्तदेशिकांनी 'पादुकासहस्रा'त याच्याही पुढची मजल गाठली. त्यांच्या एका श्लोकातून घोडा फिरवला की दुसराच, वेगळ्या अर्थाचा श्लोक निघतो. घोड्याच्या या फेरीवर युरोपात ऑयलरनं १७५९ साली गणिताच्या अंगानं विचार मांडला. भारतात तोवर ती कवितेत मुरून गेली होती. मोरोपंतांची लाडकी आर्या मात्र या पटावर बसणार नाही. ती मात्रांवर चालते, तिची अक्षरसंख्या बदलत राहते, आणि घोड्याला तर ठरलेली घरं लागतात.

बुद्धिबळाचे ग्रंथ म्हटलं की आज रशियन आणि अमेरिकन नावं आठवतात. या खेळावरचं जुनं लेखन मात्र मराठी मुलखाच्या आणि मराठी घराण्यांच्या फार जवळून गेलं आहे, आणि मराठी वाचकालाच त्याची ओळख कमी आहे, ही खंत वाटण्यासारखी गोष्ट आहे.

कल्याणीचा चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर यानं ११२९ च्या सुमारास 'मानसोल्लास' रचला. राजानं राज्य कसं मिळवावं इथपासून त्यानं काय खावं आणि काय खेळावं इथपर्यंत सगळं त्यात आहे. जुन्या मराठीचे नमुने शोधणारे अभ्यासक या ग्रंथाकडे हमखास वळतात, कारण त्यातल्या संगीताच्या प्रकरणात मराठी पदरचना सापडते. त्याच ग्रंथाच्या पाचव्या विंशतीत, म्हणजे क्रीडांच्या भागात, बुद्धिबळावर साठाहून अधिक श्लोक आहेत. बडोद्याच्या गायकवाड ग्रंथमालेसाठी गजानन श्रीगोंदेकर यांनी 'मानसोल्लासा'ची आवृत्ती सिद्ध केली. तिचे तीन खंड १९२५, १९३९ आणि १९६१ असे, मोठमोठ्या अंतरानं आले. श्लोक छापले गेले, पण बुद्धिबळाच्या इतिहासकारांची नजर त्यांवर पडायला १९९० चं दशक उजाडलं, आणि ती पडली तीही एका जर्मन अभ्यासकाची, आंद्रेयास बोक-रामिंग यांची.

यापेक्षाही जवळचा धागा पैठणचा. पैठणच्या रामेश्वरभट्टांनी काशीला बिऱ्हाड हलवलं आणि त्यांच्या घराण्यानं पुढं काशीत पिढ्यान् पिढ्या धर्मशास्त्र गाजवलं. रामेश्वरांचे पुत्र नारायणभट्ट. नारायणभट्टांचा एक पणतू म्हणजे शिवराज्याभिषेकाचे गागाभट्ट. इंदापूरच्या गढीशी ज्यांचं नाव जोडलेलं आहे त्या मालोजीराजांच्या नातवाला १६७४ साली रायगडावर ज्यांनी अभिषेक केला, तेच हे. गागाभट्टांचे चुलत चुलते नीलकंठभट्ट. त्यांनी 'भगवंतभास्कर' हा बारा मयूखांचा, म्हणजे बारा किरणांचा, प्रचंड ग्रंथ लिहिला. त्यातल्या 'व्यवहारमयूखा'चा आधार इंग्रजी अमदानीत मुंबईचं उच्च न्यायालय वारसाहक्काच्या वादांत घेत असे. शेतीच्या वाटण्या आणि दत्तकाचे तंटे त्या पानांवरून सुटले. त्याच ग्रंथातला राजनीतीवरचा भाग 'नीतिमयूख', आणि त्यात नीलकंठांनी बुद्धिबळ समजावून सांगितलं आहे.

धर्मशास्त्र्यानं खेळाला जागा द्यावी याचं आज नवल वाटेल. नीलकंठांच्या लेखी मात्र खेळ राजनीतीचाच भाग होता. त्यांच्या पटावर कोपऱ्यात हत्ती, त्याच्या शेजारी घोडा, मग उंट, आणि मधे राजा व मंत्री. बारामतीच्या कुठल्याही शाळेतल्या मुलानं आज पट मांडला तर ती हीच नावं, याच क्रमानं घेईल. फक्त मंत्र्याचा वजीर झाला आहे. इंग्रजीत उंटाचा धर्मगुरू आणि हत्तीचा गढीसारखा बुरूज झाला. मराठीनं जनावरं जपली. नीलकंठांनी घोड्याची पटभर फेरीही दिली आहे. १८७० च्या दशकात आल्ब्रेख्त वेबर या जर्मन पंडितांनी हे प्रकरण युरोपच्या विद्वानांपुढं ठेवलं. त्याच सुमारास, १८७१ मध्ये, औरंगाबादच्या हरिकृष्ण ज्योतिर्विदांनी 'बृहज्ज्योतिषार्णव' लिहिला. त्यातल्या 'क्रीडाकौशल्य' या भागात पुन्हा बुद्धिबळ आहे, आणि घोड्याच्या फेऱ्याही आहेत.

हे सगळं एका दोऱ्यात ओवायचं काम हॅरॉल्ड मरी या इंग्रज शिक्षकानं केलं. त्यांचे वडील जेम्स मरी हे ऑक्सफर्डच्या थोर इंग्रजी शब्दकोशाचे संपादक. मुलाच्या अंगातही तीच चिकाटी होती. मूळ हस्तलिखितं वाचता यावीत म्हणून ते अरबी शिकले. १९१३ साली प्रसिद्ध झालेला त्यांचा बुद्धिबळाचा इतिहास सुमारे ९०० पानांचा आहे. खेळ भारतात जन्मला, इराणात गेला, अरबांच्या हाती वाढला आणि युरोपात पोचला, हा प्रवास त्यांनी पुराव्यानिशी मांडला. सातव्या शतकातल्या बाणभट्टाच्या 'हर्षचरिता'त अष्टापदावरच्या चतुरंगाचा श्लेष येतो. मरींच्या मांडणीत अशा उल्लेखांना मोठं वजन आहे.

या जाडजूड इंग्रजी ग्रंथाच्या भारतीय प्रकरणांत एक मराठी पुस्तक भेटतं: विनायक राजाराम टोपे यांचं 'बुद्धिबळक्रीडा', साल १८९३. आपल्याकडं डाव कसा खेळतात हे मरींनी ज्या आधारांवर सांगितलं, त्यांपैकी हा एक. त्याही आधी, १८१४ साली, मुंबईत तिरुवेंगडाचार्य शास्त्री यांचं इंग्रजी पुस्तक छापलं गेलं होतं. मूळ संस्कृत 'विलासमणिमंजरी', आणि त्यातून निवडलेल्या डावांच्या अवघड स्थिती. युरोपी पद्धतीच्या खेळाला जुळवून घेतलेले, असं त्याच्या लांबलचक शीर्षकातच म्हटलं आहे. पेशवाई अजून चार वर्षं उभी राहायची होती, आणि एक शास्त्री देशी डाव विलायती नियमांत बसवू लागला होता.

काय होते ते देशी नियम? प्यादं पहिल्या चालीलाही एकच घर सरकायचं. दोन घरांची उडी नाही. राजाला हत्तीच्या आडोशाला नेणारं किल्लेबंदीचं कलम नाही. त्याऐवजी राजाला, शह लागण्यापूर्वी, एकदाच घोड्यासारखी अडीच घरांची उडी घेता येई. प्यादं शेवटच्या घरात पोचलं की मागाल तो मोहरा मिळत नसे. ज्या ओळीत ते पोचलं त्या ओळीचाच मोहरा व्हायचा: घोड्याच्या ओळीत घोडा, हत्तीच्या ओळीत हत्ती. जिंकण्यातही प्रती होत्या. वजिरानं केलेली मात साधी, प्याद्यानं केलेली मात मानाची. समोरच्याचे सगळे मोहरे मारून राजा एकटा उरला तर तो 'बुर्ज', आणि त्यात पुरत्या विजयाचं सुख नाही. असा खेळ संथ चालतो. सुरुवातीला चकमकी कमी, मांडणी फार. प्यादी जपावी लागतात, कारण शेवटचा मान त्यांच्या हाती. या नियमांकडे कुणी मागासलेपणा म्हणून पाहत असेल तर ते मुळीच पटण्यासारखं नाही. सरदाराला प्याद्याकडून मात मिळणं सगळ्यांत मोठं, असं मानणाऱ्या खेळात एक वेगळीच न्यायबुद्धी आहे.

हे नियम मैदानातून हटले, पण भाषेतून गेले नाहीत. इंदापूर विधानसभा मतदारसंघ बारामती लोकसभा मतदारसंघात येतो, आणि या दोन तालुक्यांच्या राजकारणावर बातमी लिहायला बसलेल्या वार्ताहराला शह, काटशह, मात, खेळी, प्यादं, वजीर यांच्याशिवाय दोन परिच्छेद पुढं जाता येत नाही. शह आणि मात फारसीतून आले, वजीर अरबीतून, आणि खेळाचं नाव मात्र 'बुद्धि' आणि 'बल' या दोन संस्कृत शब्दांचं. हिंदीनं शतरंज घेतलं. मराठीनं स्वतःचं नाव ठेवलं आणि शह-मात बाहेरून आणली. हा मिलाफ फार सुंदर आहे.

विसाव्या शतकातल्या मराठी खेळाडूंची गोष्ट स्वतंत्र ग्रंथाची. १९५५ मध्ये एलुरूला पहिली राष्ट्रीय स्पर्धा झाली तेव्हा डी. वेंकय्यांसोबत रामचंद्र सप्रे संयुक्त विजेते ठरले. १९७४ ची पहिली राष्ट्रीय महिला स्पर्धा वासंती खाडिलकरांनी जिंकली. 'नवाकाळ'चे संपादक नीलकंठ खाडिलकर यांच्या या कन्येच्या पाठोपाठ जयश्री आणि रोहिणी या बहिणीही विजेत्या झाल्या. रोहिणी १९७६ साली, वयाच्या तेराव्या वर्षी, पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत उतरल्या आणि त्यांनी तिथं पुरुषांना हरवलं. गहजब झाला, प्रकरण उच्च न्यायालयात गेलं, आणि जागतिक संघटनेचे तेव्हाचे अध्यक्ष, माजी जगज्जेते मॅक्स युवे यांनी स्त्रियांना बुद्धिबळाच्या स्पर्धांतून वगळता येणार नाही असा निर्वाळा दिला. तेरा वर्षांच्या मुलीनं जगाकडून नियम स्पष्ट करून घेतला, हे प्रत्येक मराठी शाळेत सांगितलं पाहिजे.

त्यानंतरची नावं ताजी आहेत. २०२४ च्या बुडापेस्ट ऑलिंपियाडमध्ये सुवर्ण मिळवणाऱ्या भारतीय संघांत नाशिकचा विदित गुजराथी आणि नागपूरची दिव्या देशमुख होती, आणि महिला संघाचे कप्तान होते पुण्याचे ग्रँडमास्टर अभिजित कुंटे. जुलै २०२५ मध्ये दिव्यानं बाटुमीला अंतिम फेरीत कोनेरू हम्पीला हरवून महिला विश्वचषक जिंकला. तेव्हा ती १९ वर्षांची होती. त्याच विजयानं ती भारताची ८८ वी ग्रँडमास्टर झाली.

इंदापूरच्या एखाद्या मुलीला दिव्याचे डाव आज मोबाइलवर घरबसल्या पाहता येतात. कथा मात्र पुस्तकातच वाचाव्या लागतात. इंग्रजीत फिशरनं १९६९ मध्ये आपल्या साठ डावांचं पुस्तक दिलं, त्यात त्यानं स्वतःच्या पराभवांनाही जागा दिली. कास्पारोव्हनं २००३ पासून आपल्या पूर्वसूरींवर पाच खंड लिहिले. मराठीत द्रोणाचार्य पुरस्कारप्राप्त प्रशिक्षक रघुनंदन गोखले यांनी 'लोकसत्ता'तल्या 'चौसष्ट घरांच्या गोष्टी' या लेखमालेतून खेळाडूंचे किस्से आणि स्वभाव वाचकांपर्यंत आणले. असं लेखन आणखी हवं, आणि त्यात सोमेश्वर, नीलकंठ, हरिकृष्ण, टोपे यांनाही त्यांची पानं हवीत.

इंदापूर तालुक्यातलं पळसदेवचं जुनं देऊळ उजनीच्या पाण्याखाली गेलं. दुष्काळात पाणी ओसरलं की शिखर आधी दिसतं, मग मंडप, आणि माणसं होडीतून किंवा पायी तिथं जातात. देशी डावाचे नियमही अजून असे पाण्याखाली आहेत. पट मांडायला वेळ लागत नाही. राजाला एकदाच अडीच घरं उडू द्यायचं, प्याद्याला एकच घर सरकवायचं, आणि आठव्या घरात, घोड्याच्या ओळीत ते पोचलं की तिथं घोडा ठेवायचा.